वर चढून बसलेला क्ष

परीक्षा जवळ आल्या की माझ्याकडं येणारे प्रश्न एकाच धड्यावर गोळा होतात. या खेपेला तो धडा आहे घातांक, आणि त्यातही ती समीकरणं जिथं क्ष आपल्या जागेवर न बसता वर, घाताच्या जागी चढून बसलेला असतो. सात-आठ जणांनी वेगवेगळ्या शब्दांत तेच विचारलंय, म्हणून म्हटलं या वेळचं अख्खं सदरच त्याला देऊन टाकू.

एक आधी सांगून ठेवते. आकड्याच्या डोक्यावर बारीक आकडा टाकायची इथं सोय नाही, म्हणून पोरं मोबाईलवर टाइप करतात तशी मी टोपी वापरणारे. २^३ दिसलं की वाचायचं दोनाचा तिसरा घात, म्हणजे २ × २ × २, म्हणजे ८. आणि पुस्तकात एक्स असतो तिथं मी क्ष लिहिणारे, पस्तीस वर्षं फळ्यावर तेच लिहिलं, आता सवय कुठं जाते.

"मॅडम, २^क्ष = ३२ असं गणित होतं. मी ३२ ला २ नं भागलं आणि क्ष = १६ लिहिलं. सगळे मार्क गेले. भागाकार तर बरोबर आहे ना?" – नववीतला विद्यार्थी, जुळे सोलापूर

भागाकार बरोबर आहे बाळा, गणित दुसरंच सोडवलंस. तू सोडवलंस ते २ × क्ष = ३२. त्यात क्ष शेजारी बसलाय, तुझ्या गणितात तो वर बसलाय, आणि या दोन्हीत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

घरात चादर आहे ना? सोलापुरात राहून नाही म्हणू नकोस. ती अंथर आणि मधोमध घडी घाल. दोन थर झाले. परत मधोमध घडी, चार थर. परत, आठ. परत, सोळा. पाचव्या घडीला बत्तीस थर (पाचवी घडी नीट बसत नाही, आपल्या जाड चादरीची तर उशीच होते, पण गणितात बसते). बघ, प्रत्येक घडीला थर दुप्पट होतायत, दोन-दोननं वाढत नाहीयेत. २^क्ष = ३२ हे गणित तुला एवढंच विचारतंय की घड्या किती घातल्या. पाच. तू म्हणतोस तशा सोळा घातल्या असत्या तर ६५,५३६ थर झाले असते, मग ती चादर उचलायला क्रेन बोलवावी लागली असती.

तर वर बसलेला क्ष म्हणजे 'किती वेळा?' याचं उत्तर, हे डोक्यात पक्कं कर, या सदरात पुढं सगळीकडं तेच कामाला येणारे.

पेपरात लिहायचं असं: ३२ = २^५, म्हणून २^क्ष = २^५, म्हणून क्ष = ५. दोन्हीकडं पाया (म्हणजे खालचा आकडा, इथं २) सारखा झाला की पाया सोडून द्यायचा आणि वरचे घातांक समान ठेवायचे. हे चालतं कारण दोनाचे घात एकदा वाढायला लागले की वाढतच जातात, परत मागच्या आकड्यावर येत नाहीत, त्यामुळं ३२ हा आकडा एकाच घडीला भेटतो. पण पाया १ असेल तर हे करू नकोस हं. १^५ पण १ आणि १^९ पण १, म्हणून काय ५ = ९ होतं का? शून्याचं आणि −१ चंही तसंच. म्हणून पुस्तकात बारीक अक्षरात लिहिलेलं असतं की पाया धन पाहिजे आणि १ नको, आणि ती ओळ कुणीच वाचत नाही.

आणि थोडं पाठांतर लागतंच. दोनाचे घात दहाव्यापर्यंत, म्हणजे १०२४ पर्यंत, तीनाचे ७२९ पर्यंत, पाचाचे ६२५ पर्यंत, साताचे निदान ३४३ पर्यंत. सोळा विसरलास तर आपल्या गावाचं नाव आठव, सोळा गावं मिळून सोलापूर असं म्हणतात ना. सिद्धरामेश्वरांच्या काळात गावाला सोन्नलगी म्हणायचे, त्यामुळं त्या सोळा गावांच्या गोष्टीवर माझा फारसा विश्वास नाही, पण दोनाचा चौथा घात लक्षात ठेवायला ती बरी पडते.

"८^क्ष = ४ याचं उत्तर पुस्तकाच्या मागं २/३ दिलंय. रीत मला येते. पण आठाला आठानंच दोन तृतीयांश वेळा गुणायचं म्हणजे काय करायचं? असं कुणी गुणतं का?" – दहावीची विद्यार्थिनी, अशोक चौक

कुणीच गुणत नाही गं. बाकीची पोरं २/३ लिहून पान उलटतात, तू अडलीस, म्हणजे तू विचार करतेस.

आधी रीत एकदा लिहून टाकते बाकीच्यांसाठी. ८ आणि ४ हे दोघंही दोनाच्याच घरातले, ८ = २^३ आणि ४ = २^२. मग (२^३)^क्ष = २^२, घाताचा घात आला की घातांकांचा गुणाकार, म्हणून २^(३क्ष) = २^२, म्हणून ३क्ष = २ आणि क्ष = २/३.

आता तुझा प्रश्न. परत चादरीकडं ये. थर आठपट करायचे तर तीन घड्या लागतात आणि चारपट करायचे तर दोन. समजा 'आठपट करणं' हे एक पूर्ण काम धरलं, एक खेप म्हण, तर त्या खेपेतलं किती काम केलं म्हणजे चारपट होतं? तीन घड्यांमधल्या दोन घड्या. दोन तृतीयांश. झालं, एवढंच आहे ते. पाया सांगतो की एका पूर्ण खेपेला किती पट व्हायचं, घातांक सांगतो की खेपा किती, आणि खेप अर्ध्यात सोडता येते, जशी मागावरची पाळी अर्ध्यात सोडून माणूस घरी येतो.

फक्त एक फरक आहे आणि तिथंच सगळे फसतात. अर्धी पाळी केली की अर्धा पगार मिळतो, पण नऊपटीची अर्धी खेप केली की साडेचारपट होत नाही, तीनपट होतं. का? कारण अशा दोन अर्ध्या खेपा लागोपाठ केल्या की पूर्ण नऊपट व्हायला पाहिजे. साडेचार गुणिले साडेचार केलंस तर सव्वावीस येतील, नऊ नाही. तीन त्रिक नऊ. म्हणून ९^(१/२) म्हणजे नवाचं वर्गमूळ. आणि ८^(१/३) म्हणजे आठाचं घनमूळ, कारण तीन सारख्या तुकड्यांत आठपट करायचं तर प्रत्येक तुकडा दुपटीचाच असणार. आठवीत 'घातांक व घनमूळ' हे दोन विषय एकाच धड्यात का कोंबलेत असं मला पोरं दरवर्षी विचारायची, त्याचं उत्तर हेच.

तुझ्याच पत्रात खाली ९^(क्ष−१) = २७ हे गणित पण आहे आणि त्यात तू चुकलीस. तू लिहिलंस ३^(२क्ष−१) = ३^३ आणि क्ष = २ काढलंस. पेपर तपासताना ही चूक मी इतक्या वेळा लाल केलीय की लाल पेनची कांडी त्यातच संपायची. ९ च्या जागी ३^२ आला तर तो २ वरच्या सगळ्या कंसाला गुणतो, नुसत्या क्षला नाही. २(क्ष−१) म्हणजे २क्ष − २. मग २क्ष − २ = ३, क्ष = ५/२. ताळा घे: क्ष − १ = ३/२, नऊपटीची दीड खेप, म्हणजे ९ × ३ = २७. जमलं. तुझं क्ष = २ घालून बघ, ९^१ = ९ येतं, २७ नाही. ताळा घ्यायला दहा सेकंद लागतात, तेवढे मार्क वाचतात.

"३^क्ष = १/८१ चं उत्तर −४ कसं काय? मायनस चार वेळा गुणायचं? आणि ५^(२क्ष−१) = १ मध्ये तर उजवीकडं पाच कुठंच नाहीये." – शेळगी

२७, ९, ३, १ अशी ओळ लिहा. प्रत्येक पायरीला तीननं भागलंय आणि वरचा घातांक ३, २, १, ० असा एकेकानं उतरलाय. शून्यावर थांबायचं काही कारण नाही, तसंच उतरत राहा: १/३, १/९, १/२७, १/८१, घातांक −१, −२, −३, −४. मायनस म्हणजे उलट्या बाजूनं जाणं, घडी उलगडणं म्हणा.

दुसऱ्यात पाच आहे, लपून बसलाय. १ म्हणजे ५^०. म्हणून २क्ष − १ = ०, क्ष = १/२. उजवीकडं १ दिसला की कोणताही पाया त्याच्यात शोधता येतो.

"बाई, मी चादरीच्या दुकानात हिशेब बघतो, बी.कॉम. झालोय पण पोरीचं गणित आता माझ्या हातात राहिलं नाही. २^(क्ष+१) + २^क्ष = ४८ हे तिनं २^(२क्ष+१) = ४८ असं केलं आणि मग ४८ काही दोनाचा घात होईना म्हणून रडायला लागली. क्लासच्या सरांनी 'सोप्पं आहे' एवढंच सांगितलं." – एक वडील, विजापूर रोड

दादा, 'सोप्पं आहे' हे ज्याला येतं त्यानं ज्याला येत नाही त्याला सांगायचं वाक्य नव्हे, पण ते असो.

पोरीनं घातांकांची बेरीज केली. ती बेरीज गुणाकारात चालते, म्हणजे २^३ × २^४ = २^७. मध्ये अधिकचं चिन्ह असेल तर चालत नाही, २^३ + २^४ म्हणजे ८ + १६ = २४, आणि २^७ तर १२८ असतात. हे तिला सूत्र म्हणून सांगू नका, हाच आकड्यांचा हिशेब तिच्यासमोर करा.

मग करायचं काय, तर तुमच्या दुकानातलंच काम करायचं. २^क्ष म्हणजे एक गठ्ठा समजा, आत किती चादरी आहेत ते माहीत नाही, गाठ सोडलेली नाही. २^(क्ष+१) म्हणजे एक घडी जास्त, म्हणजे तसे दोन गठ्ठे. दोन गठ्ठे आणि एक गठ्ठा मिळून ४८. तीन गठ्ठ्यांचे ४८, तर एका गठ्ठ्यात १६. आता गाठ सोडा: २^क्ष = १६, क्ष = ४. ताळा ३२ + १६ = ४८. ही गठ्ठ्याची युक्ती जिला समजली तिला या प्रकारातली निम्मी गणितं आली.

उरलेली निम्मी थोडी वरची असतात, तीही तिला पुढं लागतील म्हणून एक सोडवून देते. ९^क्ष − ८ × ३^क्ष − ९ = ०. इथं गठ्ठा ३^क्ष. त्याला य म्हणा. ९^क्ष म्हणजे (३^क्ष) चा वर्ग, म्हणजे य^२. मग समीकरण झालं य^२ − ८य − ९ = ०, हे दहावीचं साधं वर्गसमीकरण, अवयव (य − ९)(य + १). य = ९ किंवा य = −१. इथं पोरं दोन्ही घेऊन पुढं पळतात आणि ३^क्ष = −१ ला क्ष शोधत बसतात. तीनाला कितीही वेळा गुणा, उलटं जाऊन भागा, अर्धी खेप करा, ऋण आकडा येतच नाही, शून्यसुद्धा येत नाही. गठ्ठ्यात उणे एक चादर कशी असेल? म्हणून ते उत्तर सोडायचं, आणि पेपरात 'का सोडलं' ते एका ओळीत लिहायचं, त्याला मार्क असतात. राहिलं ३^क्ष = ९, क्ष = २.

"२^क्ष = ३. दोन आणि तीन एका पायात कसे आणायचे? दोन तास घालवले." – अकरावी सायन्स, भवानी पेठ

दोन तास नाही, दोन वर्षं घालवलीस तरी येणार नाहीत, आणि ते का येणार नाहीत हे दोन ओळींत दाखवता येतं. समजा क्ष हा एखादा व्यवहारी अपूर्णांक असता, प/फ. मग २^(प/फ) = ३, दोन्ही बाजूंचा फ वा घात केला की २^प = ३^फ. डावी बाजू सम, उजवी बाजू विषम. सम आणि विषम समान? शक्यच नाही. म्हणजे क्ष आहे नक्की, एक घडी कमी पडते आणि दोन घड्या जास्त होतात, पण तो अपूर्णांकात मावत नाही. मला हा पुरावा फार आवडतो, एवढ्याशा हत्यारानं एवढं मोठं काम.

मावत नाही म्हणून सापडत नाही असं नाही. नुसत्या पाठ असलेल्या आकड्यांवर त्याला दोन्हीकडून दाबता येतं. २^३ = ८ आणि ३^२ = ९, आठ लहान, म्हणजे क्ष ३/२ पेक्षा मोठा. २^८ = २५६ आणि ३^५ = २४३, आता डावं मोठं, म्हणजे क्ष ८/५ पेक्षा लहान. झाला की १.५ आणि १.६ च्या मध्ये कोंडला, अजून लॉगचं टेबल, म्हणजे लॉगच्या आकड्यांचं छापील कोष्टक, उघडलंच नाही.

आता टेबल उघड. लॉग म्हणजे दुसरं काही नाही, तोच 'किती वेळा?' हा प्रश्न, फक्त सगळ्या आकड्यांना एकाच पायावर, दहावर, विचारून ठेवलेला. दोन म्हणजे दहापटीची किती खेप? ०.३०१०. तीन म्हणजे किती? ०.४७७१. मग तीन होण्यासाठी दोनाच्या खेपा किती, तर ०.४७७१ भागिले ०.३०१०, म्हणजे १.५८५ च्या आसपास. पुस्तकी भाषेत: दोन्ही बाजूंचा लॉग घे, क्ष × लॉग २ = लॉग ३, वरचा क्ष लॉगमुळं खाली येऊन बसतो. तो आला की बाकीचा साधा भागाकार. आणि भागाकार म्हणजे भागाकारच हं, पोरं इथं लॉग ३ वजा लॉग २ करतात, तो ३/२ चा लॉग झाला.

बारावीच्या बोर्डाच्या पेपरला कॅल्क्युलेटर चालत नाही, लॉग टेबल चालतं, त्यामुळं फिजिक्स-केमिस्ट्रीसाठी तरी टेबल बघायची सवय आत्ताच लाव. लॉग २ आणि लॉग ३ पाठच कर, त्यांच्यावर ४, ५, ६, ८, ९ सगळे निघतात. पाचाचा कसा ते तू काढ.

"बाई, मी काही विद्यार्थिनी नाही, घरीच असते. एक लाख रुपये ठेवायचे आहेत, व्याज ८ टक्के धरा. मी हिशेब केला की दुप्पट व्हायला साडेबारा वर्षं लागतील, बँकेतला मुलगा म्हणाला नऊ. कोण बरोबर? आणि आमच्या भिशीतल्या एक जण सांगतात की त्यांच्या ओळखीत तीन वर्षांत दुप्पट करून देतात." – साखर पेठ

ताई, तुमचा प्रश्न वाचून मला बरं वाटलं, कारण वर चढलेला क्ष पेपरच्या बाहेर कुठं भेटतो असं कुणी विचारलं तर मी तुमच्याकडं बोट दाखवीन.

साडेबारा वर्षं सरळव्याजानं लागतात. चक्रवाढीत दरवर्षी रक्कम १.०८ पट होते, व्याजावर व्याज, म्हणजे आपली चादरच, फक्त दुपटीच्या ऐवजी घडी १.०८ पटीची. प्रश्न असा की अशा किती घड्यांनी दुप्पट होईल, १.०८^क्ष = २. लॉग घ्यायचा. १०८ = ४ × २७, म्हणून त्याचा लॉग दोनदा ०.३०१० अधिक तीनदा ०.४७७१, म्हणजे २.०३३३, आणि १.०८ साठी त्यातून २ वजा, राहिले ०.०३३३. मग ०.३०१० ला ०.०३३३ नं भागा, नऊ आणि वर अगदी किंचित. बँकेतला मुलगा बरोबर आहे. वर्षाला एकदा चक्रवाढ धरली तर नऊ वर्षांनी तुमच्या लाखाचे साधारण १,९९,९०० होतील, दोन लाखाला शंभर रुपये कमी, तेवढे बाजाराच्या पिशवीतून घाला.

तोंडी करायचं असेल तर ७२ ला व्याजदरानं भागा. ८ टक्के म्हणजे ९ वर्षं, ६ टक्के म्हणजे १२, १२ टक्के म्हणजे ६. अगदी काटेकोर नाही, पण रोजच्या दरांना चांगलं जमतं.

आता त्या तीन वर्षांचं. तिथं क्ष माहीत आहे, पाया माहीत नाही, एवढंच उलटं. कुठल्या आकड्याचा तिसरा घात २? १.२६ चा घन बघा, २ च्या जरासा वर जातो. म्हणजे तो माणूस वर्षाला सुमारे २६ टक्के व्याज देतो म्हणतोय. बँक किती देते ते तुम्हाला माहीत आहे. २६ टक्के प्रामाणिकपणे कमवून वर तुम्हाला वाटणारा माणूस तुमच्या भिशीत ओळखी काढत कशाला फिरेल? पैसे ठेवू नका, असं मी स्पष्टच लिहिते, नंतर भिशीत वाईटपणा आला तर माझं नाव सांगा.

"लॉग टेबलची माझी जुनी पुस्तिका अजून ट्रंकेत आहे. हे प्रकरण काढलं कुणी? आणि आपल्याकडं असलं काही होतं का?" – एक निवृत्त वाचक, बाळीवेस

काका, लॉगची कोष्टकं पहिल्यांदा छापली स्कॉटलंडच्या जॉन नेपियरनं, १६१४ साली. तेव्हा खगोलवाल्यांना लांबलचक आकड्यांचे गुणाकार हातानं करावे लागायचे आणि त्यातच आयुष्य जायचं, नेपियरनं गुणाकाराची बेरीज करून दिली. पुढच्याच वर्षी लंडनचा हेन्री ब्रिग्ज त्याला भेटायला एडिंबरोला गेला, दोघांचं दहा हा पाया घ्यायचं ठरलं, आणि १६२४ साली ब्रिग्जनं चौदा-चौदा दशांश स्थळांची कोष्टकं काढली. तुमच्या ट्रंकेतली पुस्तिका त्याच घराण्यातली.

आपल्याकडचं विचाराल तर आहे, आणि छान आहे. नवव्या शतकातले जैन आचार्य वीरसेन, त्यांच्या धवला या टीकाग्रंथात, म्हणजे जुन्या जैन ग्रंथावरच्या भाष्यात, 'अर्धच्छेद' म्हणून कल्पना येते. एखादी संख्या किती वेळा निम्मी करता येते ते तिचे अर्धच्छेद. बत्तीसाचे अर्धच्छेद पाच. म्हणजे दोन पायावरचा लॉगच की, आमची चादर उलट्या बाजूनं. तीननं भागण्यासाठी त्रिकच्छेद, चारनं भागण्यासाठी चतुर्थच्छेद असेही शब्द त्यात आहेत. म्हणून लगेच 'लॉग आमचाच' असं ओरडायची गरज नाही, कोष्टकं करून त्याला रोजच्या आकडेमोडीला जुंपलं ते नेपियरनंच, पण 'किती वेळा?' हा प्रश्न त्याच्या कितीतरी आधी इथं कुणीतरी नीट नाव देऊन विचारला होता.

त्याच शतकातल्या महावीराचार्यांचा गणितसारसंग्रह हिंदी अनुवादासह १९६३ साली कुठून निघाला माहितीय? आपल्या सोलापुरातून, जैन संस्कृति संरक्षक संघानं काढला. गावातल्या किती गणिताच्या शिक्षकांना हे माहीत आहे, मी विचारत नाही, मला स्वतःला शाळा सोडल्यावर कळलं.

"२^क्ष = क्ष^२. मित्र म्हणतात 'दोन आणि चार, संपलं की बे.' मला ग्राफवर तिसरं पण दिसतंय. रीत काय?" – इंजिनीअरिंगचा विद्यार्थी, होटगी रोड

ग्राफ खरं सांगतोय. २ घाला, ४ = ४. ४ घाला, १६ = १६. मध्ये ३ ला ८ आणि ९, तिथं वर्ग पुढं, आणि ४ च्या पलीकडं ५ ला ३२ आणि २५, तिथून घात कायमचा पुढं. मित्र धन बाजूलाच थांबले.

उलट्या बाजूला या. ० ला डावीकडं १, उजवीकडं ०, डावं मोठं. −१ ला डावीकडं अर्धा, उजवीकडं १, उजवं मोठं. मध्ये कुठंतरी दोघं एकमेकांना ओलांडणारच. रीत म्हणशील तर इथं पाया सारखा करून काही होत नाही, नुसता लॉग घेऊनही क्ष सुटा होत नाही, कारण तो वरही आहे आणि खालीही. पदवीच्या पुढं यासाठी वेगळं फंक्शन आहे, पण तुला त्याची गरज नाही, कॅल्क्युलेटर घे आणि दाबत जा. −०.७६ ला डावीकडं ०.५९०, उजवीकडं ०.५७८. −०.७७ ला डावीकडं ०.५८६, उजवीकडं ०.५९३. म्हणजे या दोघांच्या मध्येच आहे. मी −०.७६७ पर्यंत गेले आणि मग चष्मा ठेवून दिला.